मुंबईतले वॉल्टर कॉफमन

वॉल्टर कॉफमन (१९०७–१९८४) हे जर्मन भाषिक संगीतरचनाकार, वाद्यवृंद-संचालक आणि संगीतशास्त्रज्ञ होते. जर्मनीत नाझी राजवट आल्यावर त्यांनी युरोप सोडला. १९३४ मध्ये ते मुंबईत आले आणि १९४६ पर्यंत इथेच राहिले. या बारा वर्षांत त्यांनी चित्रपट आणि माहितीपटांसाठी पार्श्वसंगीत रचले, नभोवाणीच्या मुंबई केंद्रावर युरोपीय संगीताचा विभाग सांभाळला आणि शहरात चेंबर म्युझिकची नियमित मैफल रुजवली. आकाशवाणीची संकेतधूनही त्यांच्या नावावर आहे. महाराष्ट्रातल्या काही पिढ्यांची सकाळ या धुनेने उजाडली, पण ती रचणारा माणूस बहुतेकांना अपरिचितच राहिला.

कॉफमन यांचा जन्म १ एप्रिल १९०७ रोजी बोहेमियातील कार्ल्सबाद येथे एका ज्यू कुटुंबात झाला. औषधी झऱ्यांसाठी प्रसिद्ध असलेले हे गाव तेव्हा ऑस्ट्रो-हंगेरियन साम्राज्यात होते. पहिल्या महायुद्धानंतर ते चेकोस्लोवाकियात गेले आणि आता कार्लोवी वारी या नावाने ओळखले जाते. गावाची भाषा जर्मन होती. उच्च शिक्षणासाठी कॉफमन बर्लिनच्या संगीत महाविद्यालयात गेले. तिथे फ्रान्त्स श्रेकर यांच्याकडे त्यांनी रचनाशास्त्राचे आणि कुर्ट झाक्स यांच्याकडे संगीतशास्त्राचे शिक्षण घेतले.

झाक्स हे वाद्यांच्या अभ्यासातले मोठे नाव. त्यांनी आणि एरिश फॉन हॉर्नबोस्टेल यांनी १९१४ मध्ये मांडलेले वाद्यवर्गीकरण आजही जगभरची संग्रहालये वापरतात. या वर्गीकरणाचे मूळ भारतात सापडते. ब्रसेल्सचे व्हिक्टर माइयाँ यांनी एकोणिसाव्या शतकात वाद्यांचे चार वर्ग पाडले, ते तत, सुषिर, अवनद्ध आणि घन या भारतीय विभागणीच्या आधारे. भरताच्या नाट्यशास्त्रात ही विभागणी आलेली आहे. झाक्स आणि हॉर्नबोस्टेल यांनी माइयाँ यांचीच मांडणी पुढे नेली. युरोपबाहेरचे संगीत हा गंभीर अभ्यासाचा विषय आहे, ही दृष्टी कॉफमन यांना मुंबईत येण्याआधीच अशा गुरूकडून मिळाली होती.

पुढे त्यांनी प्रागच्या जर्मन विद्यापीठात गुस्ताव माहलर यांच्या सिंफनींवर प्रबंध लिहिला. मात्र आपले प्राध्यापक गुस्ताव बेकिंग हे नाझी चळवळीत सामील असल्याचे कळल्यावर त्यांनी त्या विद्यापीठाची डॉक्टरेट स्वीकारायला नकार दिला. १९३३ मध्ये हिटलर सत्तेवर आला आणि जर्मनीतल्या ज्यू कलावंतांची कामे बंद झाली. झाक्स यांची पदे काढून घेण्यात आली. श्रेकर यांनाही महाविद्यालयाचे संचालकपद आधीच सोडावे लागले होते. जर्मन भाषेच्या प्रदेशात रंगभूमी आणि नभोवाणीसाठी संगीत रचून पोट भरण्याचा मार्ग ज्यू संगीतकारांपुढे उरला नाही.

या पिढीतले अनेक जण चित्रपटाकडे वळले आणि बहुतेकांनी अमेरिकेची वाट धरली. व्हिएन्नाचे माक्स स्टायनर त्याआधीच हॉलिवूडमध्ये होते. १९३३ च्या ‘किंग काँग’च्या संगीताने त्यांनी बोलपटाच्या पार्श्वसंगीताचा पाया घातला. बर्लिनहून निघालेल्या फ्रान्त्स वाक्समान यांनी १९३५ मध्ये ‘ब्राइड ऑफ फ्रँकेन्स्टाइन’ला संगीत दिले. मोराव्हियात जन्मलेल्या एरिश कोर्नगोल्ड यांना १९३८ च्या ‘द ॲडव्हेंचर्स ऑफ रॉबिन हूड’साठी ऑस्कर मिळाले. या मंडळींनी व्हिएन्ना-बर्लिनची वाद्यवृंदाची भाषा हॉलिवूडला दिली. त्या भाषेत मुळातून बदल करण्याची गरज त्यांना पडली नाही, कारण अमेरिकेतले वादक, स्वरलिपी आणि श्रोत्यांचे कान त्याच परंपरेतले होते. कॉफमन यांची वाट वेगळी ठरली. भारताचा परवाना सहज मिळत होता म्हणून ते मुंबईला आले. इथे त्यांच्यासमोर दुसरीच, पूर्ण विकसित अशी संगीतव्यवस्था उभी होती.

ते आले त्या वर्षी मुंबईचा चित्रव्यवसाय जर्मनीशी चांगला जोडलेला होता. हिमांशू राय आणि देविका राणी यांनी १९३४ मध्ये मालाडला बॉम्बे टॉकीज स्थापन केली. तिचे दिग्दर्शक फ्रान्त्स ओस्टेन, छायालेखक योसेफ विर्शिंग आणि नेपथ्यकार कार्ल फॉन श्प्रेटी हे जर्मन होते. त्याआधी पुण्याच्या प्रभातने ‘सैरंध्री’ (१९३३) या चित्रपटाच्या रंगप्रक्रियेचे काम जर्मनीत करवून घेतले होते. दिग्दर्शक मोहन भवनानी यांनी चित्रपटाचे तांत्रिक शिक्षण जर्मनीत घेतले होते. कॉफमन यांचा मुंबईतला पहिला आधार हे भवनानीच. त्यांच्या चित्रपटांसाठी कॉफमन यांनी पार्श्वसंगीताचे काम केले. १९३४ मध्येच भवनानींनी मुन्शी प्रेमचंद यांना कथालेखनासाठी मुंबईला बोलावले आणि गिरणी कामगारांवरचा ‘मजदूर’ काढला. सामाजिक विषय मांडणारा चित्रपट आणि त्याला साजेसे नवे संगीत, असा हा काळ होता.

मराठी संगीतकारही तेव्हा दोन संगीतपरंपरांचा मेळ घालण्याच्या प्रश्नाला दुसऱ्या बाजूने भिडत होते. केशवराव भोळे यांनी नाट्यमन्वंतरच्या ‘आंधळ्यांची शाळा’ (१९३३) या नाटकासाठी पियानो, हवाईयन गिटार आणि व्हायोलिन यांचा वापर केला आणि पुढे प्रभातच्या ‘अमृतमंथन’, ‘संत तुकाराम’ या चित्रपटांना संगीत दिले. प्रा. बी. आर. देवधर यांनी १९२५ मध्ये मुंबईत स्कूल ऑफ इंडियन म्युझिक सुरू केले. त्यांनी ख्याल शिकता शिकता इटालियन शिक्षक स्क्रिन्झी यांच्याकडून पाश्चात्त्य संगीताचेही धडे घेतले होते. बोलपट आल्यावर भाव, प्रसंग आणि हालचाल यांना स्वर द्यायचे तर रागाची मांडणी किती ठेवायची आणि वाद्यमेळाची जाडी किती वाढवायची, हा प्रश्न सगळ्यांपुढे होता.

कॉफमन यांनी मुंबईत आल्यावर काही महिन्यांतच बॉम्बे चेंबर म्युझिक सोसायटी स्थापन केली. चेंबर म्युझिक म्हणजे मोजक्या वादकांनी लहान दालनात, संचालकाशिवाय वाजवायचे संगीत. सोसायटीची मैफल दर गुरुवारी विलिंग्डन जिमखान्यात होई. कॉफमन पियानोवर, मेहली मेहता व्हायोलिनवर आणि इटालियन वादक एदिजियो वेर्गा चेलोवर असत. मे १९३७ पर्यंत सोसायटीच्या १३६ मैफली झाल्या. मुंबईसारख्या शहरात तीन वर्षे हा नेम टिकवणे सोपे नव्हते. श्रोते थोडे, त्यांत युरोपीय आणि पारशी अधिक, आणि वादकांना पोटासाठी हॉटेलांत व चित्रपटांत वाजवावे लागे.

मेहली मेहता (१९०८–२००२) यांची इथे वेगळी नोंद घ्यायला हवी. त्यांनी १९३५ मध्ये बॉम्बे सिंफनी ऑर्केस्ट्रा उभा केला. १९३६ मध्ये जन्मलेले त्यांचे पुत्र झुबिन मेहता पुढे जगप्रसिद्ध संचालक झाले. मुंबईतल्या पाश्चात्त्य वाद्यवृंदांना मनुष्यबळ मिळाले ते मुख्यतः गोव्यातून. चर्चच्या शाळांत स्वरलिपी शिकलेले गोमंतकीय वादक, तसेच मुंबईपासून वसईपर्यंतच्या ख्रिस्ती वस्त्यांत लग्ना-सणांना वाजवणारे बँड, यांमुळे स्वरलिपी वाचून वाजवण्याची कला शहराभोवती जिवंत होती. चित्रपटांचे मोठे वाद्यवृंद पुढे याच वादकांच्या बळावर उभे राहिले. अँथनी गोन्साल्विस आणि सॅबॅस्टियन डिसूझा हे त्यांतले नावाजलेले संगीत-संयोजक.

भारतीय संगीत कॉफमन यांना सुरुवातीला परके वाटले. मग ते समजून घेण्यासाठी त्यांनी ते सतत ऐकायचे ठरवले. अशा ऐकण्यात त्यांचे सगळे पुढचे काम दडलेले आहे. पाश्चात्त्य रचनाकाराला हार्मनीची सवय असते. अनेक स्वर एकाच वेळी वाजतात आणि त्यांच्या बदलत्या जुळण्यांतून रचना पुढे सरकते. रागसंगीतात षड्ज स्थिर राहतो, आणि एकेका स्वराचे त्या षड्जाशी असलेले नाते उलगडत जाते. रागाच्या स्वरांखाली युरोपीय हार्मनी सरळ आणून बसवली, की षड्जाचे स्थान डळमळते आणि राग विरतो. त्या काळी भारतीय चाली वाद्यवृंदासाठी बांधणाऱ्या पुष्कळांची अडचण नेमकी हीच होती. कॉफमन यांनी हार्मनी कमी केली, आधारस्वर धरून ठेवला आणि वाद्ये एकमेकांत गुंफताना प्रत्येकाला सुरावटीचा तुकडा दिला. मुंबईत लिहिलेल्या त्यांच्या स्ट्रिंग क्वार्टेट आणि व्हायोलिन सोनाटांत ही रीत ऐकू येते.

१९३७ ते १९४६ या काळात कॉफमन ऑल इंडिया रेडिओच्या मुंबई केंद्रावर युरोपीय संगीताचे संचालक होते. मुंबईत नभोवाणी २३ जुलै १९२७ रोजी इंडियन ब्रॉडकास्टिंग कंपनीने सुरू केली. खासगी कंपनीला ती पेलली नाही. १९३० मध्ये सरकारने ती हाती घेतली आणि जून १९३६ मध्ये ‘ऑल इंडिया रेडिओ’ हे नाव दिले. लायोनेल फील्डन तेव्हा या खात्याचे प्रमुख होते. युरोपीय संगीताची जबाबदारी त्यांच्या काळात जाणत्या रचनाकारांवर सोपवली गेली. दिल्लीला इंग्रज रचनाकार जॉन फोल्ड्स होते. भारतीय वाद्यांचा वाद्यवृंद बांधण्याचे त्यांचे प्रयोग १९३९ मधल्या अकाली मृत्यूने अर्धवट राहिले. मुंबईला कॉफमन होते आणि त्यांना पुरता वेळ मिळाला.

आकाशवाणीची संकेतधून साधारणपणे १९३६ ची मानली जाते. तिचे श्रेय कॉफमन यांना आणि व्हायोलिनवादनाचे श्रेय मेहली मेहतांना दिले जाते. तिची घडण अगदी साधी आहे. आधी तंबोरा, मग त्यावर व्हायोलिनची छोटी सुरावट, आणि साथीला व्हायोला व चेलो. सुरावट शिवरंजनी रागाची आहे. भूपातल्या पाच स्वरांपैकी शुद्ध गंधार कोमल केला की शिवरंजनीचे स्वर मिळतात: सा, रे, कोमल ग, प, ध. मध्यम आणि निषाद वर्ज्य असल्याने रागात मोकळी जागा राहते, आणि कोमल गंधारामुळे तिच्यावर करुणेची छाया पडते.

रचनाकार म्हणून कॉफमन यांचे कसब या धुनेत पुरते दिसते. संकेतधून काही सेकंदांत ओळखू आली पाहिजे, रोज ऐकूनही कंटाळवाणी होता कामा नये आणि त्या काळच्या खरखरत्या मध्यम लहरींवरूनही स्पष्ट पोचली पाहिजे. पाच स्वरांची सुरावट एकाच वाद्यावर वाजते, म्हणून ती खरखरीतूनही निसटत नाही. तंबोऱ्याच्या आधारामुळे ती ऐकणाऱ्याला पहिल्या क्षणी ओळखीच्या संगीतात नेऊन सोडते. व्हायोलिन हे वाद्य जन्माने युरोपीय, पण कर्नाटक संगीताने ते शतकाहून अधिक काळ आपले केलेले होते. दोन्ही परंपरांत परके न वाटणारे वाद्य कॉफमन यांनी निवडले. हार्मनी त्यांनी जवळजवळ बाजूला ठेवली, म्हणून शिवरंजनी अबाधित राहिली.

स्वातंत्र्यानंतर नवी केंद्रे निघाली. नागपूरला १९४८ मध्ये, पुण्याला १९५३ मध्ये, आणि पुढे जळगाव, परभणी, रत्नागिरी, सांगली अशा गावी. प्रत्येक केंद्रावर सकाळचे प्रसारण याच धुनेने सुरू झाले. मग ‘वंदे मातरम्’, त्यानंतर मंगलवाद्य, असा क्रम ठरून गेला. गिरणीच्या पाळीला निघालेला कामगार, शेतावर जाण्याच्या तयारीतला शेतकरी, शाळेची पोरे आवरणाऱ्या आया, यांच्या घड्याळाला ही धून जोडली गेली. १९५९ मध्ये दिल्लीत आणि २ ऑक्टोबर १९७२ रोजी मुंबईत दूरचित्रवाणी सुरू झाली तीही आकाशवाणीच्याच छत्राखाली. १९७६ मध्ये दूरदर्शन वेगळे झाले आणि त्याची स्वतंत्र संकेतधून लोकांच्या कानी बसली. संस्थेची ओळख एका लहान सुरावटीने करून देण्याची ही रीत भारतात पक्की केली ती आकाशवाणीच्या धुनेने.

नभोवाणीवरचे कॉफमन यांचे काम एवढ्यावर थांबत नाही. १ ऑक्टोबर १९३९ रोजी प्रसारित झालेली त्यांची ‘अनसूया’ ही भारतातली पहिली रेडिओ-ऑपेरा मानली जाते. दुसरे महायुद्ध सुरू होऊन तेव्हा महिनाच झाला होता. याच काळात मुंबईच्या सोफिया महाविद्यालयात त्यांनी संगीतावर व्याख्याने दिली. युद्धाच्या वर्षांत सरकारने प्रचारासाठी व माहितीसाठी चित्रपट काढायला सुरुवात केली. १९४३ पासून हे काम इन्फर्मेशन फिल्म्स ऑफ इंडिया या संस्थेकडे आले. कॉफमन यांनी तिच्या माहितीपटांना पार्श्वसंगीत दिले. माहितीपटात गाणी नसतात. निवेदकाच्या आवाजाखाली यंत्र, शेत, बंदर, बाजार यांची दृश्ये स्वरांनी बांधून ठेवावी लागतात. भारतीय चित्रसंगीतात गाणे हाच मध्यबिंदू असताना पार्श्वसंगीताची स्वतंत्र कला अशा कामातून आकार घेत होती. ही संस्था १९४६ मध्ये बंद झाली आणि १९४८ मध्ये तिच्या जागी फिल्म्स डिव्हिजन आले. त्याचे पहिले मुख्य निर्माते मोहन भवनानी होते.

मुंबईत तेव्हा जर्मन भाषिक निर्वासितांचे छोटे जग होते. बर्लिनमध्ये ‘डी लिटरारिशे व्हेल्ट’ हे साप्ताहिक काढणारे प्रागचे लेखक विली हास १९३९ मध्ये मुंबईला आले आणि त्यांनी भवनानींसाठी पटकथा लिहिल्या. व्हिएन्नाहून आलेले चित्रकार वॉल्टर लँगहॅमर टाइम्स ऑफ इंडियाचे कलासंचालक होते. त्यांनी आणि कलासमीक्षक रुडॉल्फ फॉन लायडेन यांनी आरा, रझा या तरुण चित्रकारांना दिलेला आधार भारतीय चित्रकलेच्या इतिहासात नोंदला गेला आहे. युद्ध सुरू होताच बॉम्बे टॉकीजच्या जर्मन तंत्रज्ञांना स्थानबद्ध करण्यात आले. हिटलरपासून पळून आलेल्यांनाही ब्रिटिश सरकारने काही काळ शत्रुदेशाचे नागरिक ठरवले. सातारा आणि पुरंदर इथे त्यांच्यासाठी छावण्या होत्या. कॉफमन चेकोस्लोवाकियाचे नागरिक होते आणि त्यांचे नभोवाणीवरचे काम चालू राहिले.

युरोपात मागे राहिलेल्यांची कहाणी भीषण आहे. कॉफमन यांच्या पहिल्या पत्नी गेर्टी या लेखक फ्रान्त्स काफ्का यांच्या भाची, त्यांच्या बहीण एली यांच्या कन्या. एली यांना १९४१ मध्ये प्रागहून पोलंडमधल्या लोद्झच्या बंदिस्त वस्तीत पाठवण्यात आले. त्या परतल्या नाहीत. काफ्का यांच्या तिन्ही बहिणी नाझींच्या हत्याकांडात गेल्या.

मुंबईत असतानाच कॉफमन यांचे लक्ष शास्त्रीय संगीताच्या पलीकडे गेले होते. मध्य भारतातल्या गोंड आणि बैगा लोकांच्या गाण्यांवरचा त्यांचा लेख १९४१ मध्ये ‘म्युझिकल क्वार्टर्ली’ या अमेरिकन नियतकालिकात छापून आला. बस्तरच्या माडिया आणि मुरिया गोंडांची गाणी व वाद्ये यांवर त्यांनी पुढेही लिहिले. गडचिरोलीच्या सीमेला लागून असलेल्या या प्रदेशाच्या संगीताची अशी शास्त्रीय नोंद त्या काळात फार थोड्यांनी केली होती.

१९४६ मध्ये त्यांनी मुंबई सोडली. लंडनमध्ये काही काळ बीबीसीसाठी संचालन केल्यावर १९४७ मध्ये ते कॅनडातील हॅलिफॅक्स इथे संगीतशाळेत शिकवू लागले. १९४८ मध्ये विनिपेग सिंफनी ऑर्केस्ट्राचे ते संचालक झाले आणि १९५७ पर्यंत त्यांनी तो वाद्यवृंद घडवला. १९५७ पासून ते अमेरिकेतील इंडियाना विद्यापीठात संगीतशास्त्राचे प्राध्यापक होते. ९ सप्टेंबर १९८४ रोजी ब्लूमिंग्टन इथे त्यांचे निधन झाले.

भारत त्यांच्या कामातून शेवटपर्यंत गेला नाही. ‘नवरत्नम्’, ‘सिक्स इंडियन मिनिएचर्स’, ‘मद्रास एक्सप्रेस’ ही त्यांच्या रचनांची नावेच पुरेसे बोलतात. पुस्तकांत तर मुंबईची शिदोरी उघड दिसते. ‘द रागाज ऑफ नॉर्थ इंडिया’ (१९६८) हा त्यांचा मोठा ग्रंथ पंडित विष्णु नारायण भातखंडे यांच्या दहा थाटांच्या क्रमाने रागांची मांडणी करतो. मुंबईच्या वाळकेश्वरात जन्मलेल्या आणि वकिली सोडून रागांचा संग्रह करणाऱ्या भातखंडे यांची पद्धत या ग्रंथामुळे इंग्रजी वाचकांपर्यंत सविस्तर पोचली. १९७६ मध्ये ‘द रागाज ऑफ साउथ इंडिया’ आला. १९८१ मध्ये लाइपझिगहून प्राचीन भारताच्या संगीतावरचा त्यांचा सचित्र ग्रंथ मातृभाषा जर्मनमध्ये प्रसिद्ध झाला.

त्यांच्या रचना मात्र दीर्घ काळ अप्रकाशित राहिल्या. अलीकडे त्यांच्याकडे पुन्हा लक्ष वळले आहे. मुंबईचे चित्रपट-अभ्यासक अमृत गंगर यांनी कॉफमन यांच्या भारतातील वर्षांवर पुस्तक लिहिले, आणि टोरोंटोच्या एआरसी एन्सेम्बलने २०२० मध्ये त्यांच्या चेंबर रचनांचे ध्वनिमुद्रण प्रसिद्ध केले. हॉलिवूडला गेलेल्या त्यांच्या समकालीनांना कीर्ती आणि पैसा मिळाला. कॉफमन यांच्या वाट्याला ते आले नाही. परंतु आश्रय देणाऱ्या देशाचे संगीत मनापासून शिकून त्याच्याच नियमांत रचना करणे हे त्या पिढीतल्या फार थोड्यांनी केले, आणि मुंबईतल्या त्यांच्या कामाचे मोल त्यात आहे. मराठी चित्रसंगीताचा आणि नभोवाणीचा इतिहास लिहिताना भोळे, देवधर आणि मेहता यांच्या शेजारी त्यांचे नाव यायला हवे.